मधला पाट

बनुबाई: आन वैनी? टांग्यातच बसून ऱ्हायल्या व्हय? त्यास्नी म्हनावं उतरा खाली, चूल पेटलेलीच हाय.

कारभारी: आगं, मानसाला आधी वट्यावर टेकू तर दे. बसा पंत. घोंगडं आत्ताच झटकलंय.

दत्तोपंत: बसतो. टांग्यात कोणी नाही, बनुबाई.

बनुबाई: मंग शिर्डीला उतरल्या का? दर्शनाला?

दत्तोपंत: नाही. आमची मंडळी श्रावणात गेली.

कारभारी: माहेरी?

बनुबाई: कारभारी, गप बसा तुमी.

दत्तोपंत: विषमज्वर झाला. कोपरगावात घरीच होती. नाशिकहून डॉक्टर आणला. त्याने औषध दिलं, फी घेतली, आणि जाताना माझ्याकडे बघितलं नाही. तेव्हाच मी समजलो.

बनुबाई: श्रावनात. आन आता जोंधळा हुरड्याला आला. आमी हितं रोज म्हनतोय, पंतांचं औंदा येनं झालं न्हाई, वैनीची तब्बेत नरम आसंल. एक कारड टाकाया काय झालं हुतं तुमाला? सारा जल्म लिवन्यात गेला तुमचा!

दत्तोपंत: लिहायला बसलो होतो. 'कळविण्यास अत्यंत दुःख होते' इथपर्यंत आलो. पुढे हात चालेना. पत्रं तीच लिहायची. मी खाली सही करायचो, तेवढंच.

बनुबाई: माझी वैनी गं...

कारभारी: रडू द्या तिला. लई लळा हुता. मलाबी हुता, पन मी वट्यावरचा. पंत, एक इचारू का? राग नगा मानू. घर तुमचंच हाय, कवाबी या. पन हातात कागुद दिसतोय.

दत्तोपंत: ही प्रुफं आहेत. माझं पुस्तक नगरच्या छापखान्यात आहे, त्याचे छापून आलेले कच्चे कागद. तपासून सोमवारी परत धाडायचे.

कारभारी: बरं बरं. लढाई सरली पन सरकारची धान्याची लेव्ही काय सरंना, पंत. कागुद दिसला की मला वाटतं आलाच जोंधळा मोजाया.

दत्तोपंत: चार वर्षं सांगतोय, मी सरकारचा माणूस नाही. आपल्या भागातल्या जातींचा, त्यांच्या राहणीचा इतिहास लिहितोय. त्यातलं एक प्रकरण खाण्यापिण्याचं आहे. कोण कुणाच्या हातचं खातं, कोण कुणाच्या पंगतीला बसतं. ते प्रकरण तिचं. मी इथे वट्यावर तुमच्याशी जमिनीचं बोलायचो, ती आत बायकांत बसायची. परत जाताना टांग्यात मला सगळं सांगायची आणि मी घरी जाऊन लिहायचो. आता तपासायचं म्हटलं तर तिला विचारता येत नाही. म्हणून तुमच्याकडे आलो.

कारभारी: इचारा की. फकस्त आकडा नगा इचारू.

दत्तोपंत: साधंच विचारतो. लग्नाच्या पंगतीला तुमच्याकडे साधारण किती माणूस जेवतं?

कारभारी: दोन.

दत्तोपंत: लग्नाला?

कारभारी: नवरा आन नवरी. बाकीचे उपाशी जात्यात.

बनुबाई: काय बोलताय वो! आपल्या पोराच्या, गोरक्षच्या लग्नाला आख्खा गाव जेवला. तीन दिस चूल इझली न्हाई.

कारभारी: जेवला आसंल. आपापल्या घरनं पीठ आनून. लिवा पंत, आपापल्या घरनं आनून.

दत्तोपंत: आणि पंगतीत आधी कोण बसायचं?

कारभारी: ज्याला जास्ती भूक लागलीया तो.

दत्तोपंत: कारभारी, खरं सांगा.

कारभारी: खरं सांगून दोन पोती गेली गेल्या साली. आता इचार करून सांगतो.

बनुबाई: ह्यांचं नगा ऐकू पंत. तुमी काय लिवलंय ते वाचा. चुकलं आसंल तर मी सांगते. वैनीचं परकरन म्हनताय ना, मंग मला ऐकू द्या.

दत्तोपंत: वाचतो. ऐका. 'या भागातील ब्राह्मण स्त्रिया इतर जातींच्या घरी पाण्याचा थेंबही घेत नाहीत. हे प्रस्तुत लेखकाने अनेक वर्षे स्वतः पाहिले आहे.'

बनुबाई: पुन्यांदा वाचा.

दत्तोपंत: 'पाण्याचा थेंबही घेत नाहीत.' का? हसताय का तुम्ही?

बनुबाई: न्हाई वो. रडतेय. हसू मधीच आलं.

कारभारी: बने, ऱ्हाऊ दे. मेलेल्या मानसाची चुगली करू नगं.

दत्तोपंत: चुगली कसली?

बनुबाई: सोता पाहिलंय म्हनता. कुठनं पाहिलंत, वट्यावरनं?

दत्तोपंत: वट्यावरून आतलं दिसतं थोडंफार.

बनुबाई: काय दिसायचं?

दत्तोपंत: पाठ दिसायची तिची. चुलीकडे तोंड करून बसायची. बायकांशी बोलत.

बनुबाई: तोंड कशाला चालायचं ते दिसलं न्हाई पाठीमागनं. पंत, तुमची मंडळी माझ्या हातची शेंगुळी खायाची. हुलग्याची, लसून घालून झणझणीत. एक ताटली संपली की म्हनायची, बनुबाई, रस्सा उरलाय का बघा.

दत्तोपंत: शक्य नाही.

बनुबाई: आन आढीतली केळी खायाची, शेंगदाण्याची चटनी खायाची, भाकरीचा पापुद्रा येगळा काढून खायाची. पानी तर ह्या डेऱ्यातलं प्यायची, तुमी घरनं आनून वट्यावर ठेवल्याल्या फिरकीच्या तांब्याला हातबी लावत नव्हती.

दत्तोपंत: पण ती घरी आल्यावर... एक मिनिट. लसणाचा वास आला असता मला. टांग्यात शेजारी बसायची.

बनुबाई: लवंग चघळायची ना?

दत्तोपंत: लवंग दाताला लागायची. दाढ दुखायची तिची. दर खेपेला. त्या दाढेसाठी मी तिला नगरला दाखवून आणलं.

कारभारी: डॉक्टर काय म्हनला?

दत्तोपंत: म्हणाला, दाढ उत्तम आहे.

कारभारी: खरा मानूस.

दत्तोपंत: अहो, दाढ चांगली म्हटल्यावर लवंगेवर तळटीप लिहिली मी! 'परगावाहून परतताना स्त्रिया लवंग चघळतात. दृष्ट लागू नये हा यामागील हेतू असावा.' आणि रात्री ती जेवायची नाही. गुरुवारचा उपास असायचा.

बनुबाई: गुरवारी टांगा गावायचा शिर्डीचा, म्हनून तुमी गुरवारी यायचा. पोट भरल्यालं आसायचं, म्हनून त्या रातचं जेवत नव्हत्या.

दत्तोपंत: त्या गुरुवारच्या उपासावर अर्धं पान आहे.

कारभारी: आर्धं?

दत्तोपंत: छोट्या टायपात. गोदाकाठच्या दत्तभक्तीशी त्याचा संबंध लावलाय मी.

कारभारी: पंत, ह्या पुस्तकात दुसऱ्या बाया हायत का नुसत्या वैनीच?

दत्तोपंत: इतरही घरांत विचारलं होतं.

बनुबाई: कुनाला इचारलं?

दत्तोपंत: त्या घरांतल्या पुरुषांना.

बनुबाई: झालं मंग.

दत्तोपंत: पण माझ्यापासून लपवायचं काय कारण? मी काय रागावलो असतो? मी स्वतः या भेदांच्या विरुद्ध आहे. प्रस्तावनेत तसं लिहिलंय.

बनुबाई: म्या इचारलं हुतं त्यास्नी. म्हनलं, धन्याला सांगा की. तर म्हनल्या, आमच्या ह्यांना सांगितलं की ते छापून येतं. आन छापलं की कोनीतरी सासूबाईंना वाचून दाखवनार. मंग माझी चूल येगळी, ताट येगळं, आन मरंस्तवर रोज बोलनी.

दत्तोपंत: आई अजून सोवळ्यात स्वयंपाक करते. तेही खरं.

कारभारी: सोमवारी धाडायचं ना हे? मंग धाडा तसंच. छापल्यालं कोन वाचतंय.

दत्तोपंत: खोटं आहे हे कळल्यावर?

कारभारी: कुनाला कळलंय? आपल्या तिघास्नी. मी तर कुनाला जोंधळ्याचंबी सांगत न्हाई.

दत्तोपंत: आणि खरं लिहायचं तर तिचं नाव घालावं लागेल. नाव नसलं की ती अफवा होते, इतिहास होत नाही. तिचं नाव घातलं की आईच्या कानावर जाणार, भावकीत जाणार. जिवंतपणी तिने एवढं जपलं, आणि गेल्यावर मी छापणार. काय करावं कळत नाही.

बनुबाई: पानी देऊ का?

दत्तोपंत: नको, आत्ताच प्यालो.

कारभारी: चार वर्सं झाली, तुमी कवाबी आलात तरी आत्ताच प्यालेले आसता.

बनुबाई: तुमचं कोडं वट्यावर बसून सुटायचं न्हाई. वैनीसारखं इचारायचं आसंल तर वैनीसारखं आत यावं लागंल. त्या कवा इचारायच्याच न्हाईत. लसून सोलाया बसायच्या. मंग आमीच बोलायचो. उठा.

दत्तोपंत: आत? मी?

कारभारी: जावा की. मी हाय भाइर. लेव्हीवाला आला तर खोकतो.

(पंत उंबऱ्यापाशी थांबले. इतकी वर्षं या घराचा वटा हीच त्यांची हद्द होती. मग त्यांनी चपला काढल्या, आत गेले आणि चुलीपुढच्या पाटावर बसले. पाट फार ठेंगणा होता. गुडघे छातीशी आले. तिला बरोबर बसत असणार, असं त्यांना वाटलं.)

बनुबाई: हां, हा लसून. सोला. न्हाई न्हाई, नखानं नगा कोरू, मूठभर घ्या आन चोळा. पीठ मळल्यालं हाय. शेंगुळी वळता येत्यात का?

दत्तोपंत: पाहिली नाहीत कधी.

बनुबाई: पिठाचा एवढा गोळा घ्यायचा, तळहातावर लांब वळायचा, आन टोकाला टोक जोडायचं. व्हय. आता हे काय हाय?

दत्तोपंत: शेंगुळं.

बनुबाई: गांडूळ हाय ते. ऱ्हाऊ द्या, रश्श्यात समदी सारखीच शिजत्यात.

दत्तोपंत: हे लिहून घेतो.

बनुबाई: पिठाच्या हातानं? गप वळा. वैनी कवा लिवत नव्हत्या हितं.

दत्तोपंत: आणखी काय करायची ती?

बनुबाई: हसायची. तुमच्या घरी हसतात का न्हाई ठावं न्हाई, हितं लई हसायची. आन भांडायची. माझ्याशीच भांडली एकदा.

दत्तोपंत: भांडली? ती?

बनुबाई: छबूवरनं. वेशीबाहेर छबूबाई ऱ्हाते, महारवाड्यात. तिच्या जात्यावरच्या वव्या ऐकाया वैनी गेल्त्या. म्या म्हनलं, ऐका वव्या, त्येला काय. पन तिथनं आल्या, माझ्या चुलीशी बसल्या, भाकरी खाल्ली, हात धुतला, आन मंग म्हनल्या, बनुबाई, छबूबाईकडं गुळाचा च्या काय झकास झाला हुता!

दत्तोपंत: चहा घेतला तिने?

बनुबाई: आन माझ्या भाकरीनंतर सांगितलं! आधी सांगितलं आसतं तर म्या चुलीशी येऊ दिलं आसतं का?

दत्तोपंत: म्हणजे तिने तुमच्या घरचं खाल्लं ते चालतं, पण छबूबाईंच्या घरचं खाल्लं की चालत नाही?

बनुबाई: मंग? ह्यात इचारायचं काय हाय? आमी कुठं, त्या कुठं.

दत्तोपंत: हेच माझ्या आईचं म्हणणं आहे. फक्त ती तुमच्याबद्दल म्हणते.

बनुबाई: म्हातारी हाय ती. तिला काय कळतंय.

कारभारी: (बाहेरून) बने, जपून. तू पुस्तकात चाललीस.

बनुबाई: मी त्या दिशी वैनीशी बोललेच न्हाई. परत आल्या तवाबी बोलले न्हाई. त्याबी काय बोलल्या न्हाईत. पाट वढला आन लसून सोलाया लागल्या. समदा गड्डा सोलला, दुसरा घेतला, तोबी सोलला. येवढ्या लसनाचं करू काय मी? मला हसू आलं. भांडान तिथंच मोडलं.

दत्तोपंत: आणि छबूबाईंनी तिला चहा दिला कसा? त्यांना भीती नाही वाटली?

बनुबाई: भ्यालीच ती. म्हनली, बाई, तुमाला च्या दिला तर मला पाप लागंल. तर वैनी म्हनल्या, पाप मी घेते, तू च्या दे.

दत्तोपंत: असं म्हणाली.

बनुबाई: आसंच. छबू सांगती ना गावभर. पंत, हात थांबला तुमचा.

दत्तोपंत: धूर गेला डोळ्यात.

बनुबाई: जातोच. आजून एक सांगू का? त्यांचं एक बोलनं ऱ्हायलंय माझ्याशी. म्हनायच्या, मी तुमच्याकडं एवढी जेवते, तुमी माझ्याकडं कवा येनार? सासूबाई यात्रेला गेल्या की तुमाला कोपरगावला नेते. पाट मांडते, रांगोळी काढते, पुरनाची पोळी वाढते, मागल्या दारी न्हाई, माजघरात. माझ्या शेजारी बसून जेवा.

दत्तोपंत: आई यात्रेला कधीच गेली नाही. तिला घर सोडवत नाही.

बनुबाई: तेच तर. आन म्हनल्या, छबूबाईलाबी बोलावनार. म्या सरळ सांगितलं, छबू त्या पंगतीला आसंल तर मी येनार न्हाई. तिच्या शेजारी मी बसायची न्हाई.

दत्तोपंत: मग? काय म्हणाली?

बनुबाई: म्हनल्या, नका बसू शेजारी. मधी मी बसते.

दत्तोपंत: मध्ये.

बनुबाई: व्हय. तुमी ह्या बाजूला, छबूबाई त्या बाजूला, मधल्या पाटावर मी. आता काय म्हननार हुते मी? म्हनलं, बघू. त्या बघू बघूतच ऱ्हायलं. घ्या, झाली शेंगुळी. ताटलीत देऊ का वाडग्यात?

दत्तोपंत: ती कशात घ्यायची?

बनुबाई: वाडग्यात. ह्याच.

दत्तोपंत: मग त्यातच द्या.

कारभारी: (दारातून) पंत, सांभाळून. तिचा हात तिखटाला सैल हाय.

दत्तोपंत: छान आहे. फारच... अहो... हे...

कारभारी: उचकी लागली! पानी दे बने. पंत, तुमचा फिरकीचा तांब्या वट्यावर हाय, आनू का?

दत्तोपंत: नको. डेऱ्यातलं द्या. लवकर द्या!

बनुबाई: घ्या. सावकाश. म्हंजी आता तुमीबी बाटलात.

कारभारी: आता कवा म्हनू नगा, आत्ताच प्यालो म्हनून.

दत्तोपंत: आत्ताच प्यालो, हे पहिल्यांदा खरं आहे. बनुबाई, रस्सा उरलाय का?

बनुबाई: हाय. त्यांच्यासारखंच इचारलंत.

दत्तोपंत: कारभारी, ती प्रुफं द्या इकडे. शिसपेनही त्याच पिशवीत आहे. हे वाक्य खोडतो. गुरुवारचा उपास खोडतो.

कारभारी: लवंग?

दत्तोपंत: लवंग राहू दे. ती खरी आहे. कारण बदलतो.

कारभारी: आन माझं नाव नगा घालू कुठं. लेव्हीवाल्यानं वाचलं तर इचारंल, पाव्हण्याला शेंगुळी घालाया पीठ कुठनं आलं?

बनुबाई: माझं घाला. आन छबूचं घालनार आसाल तर माझं आधी घाला.

दत्तोपंत: दोघींची नावं एकाच ओळीत येतील.

बनुबाई: ओळीतबी कोनतरी म्होरं आसतंच की. आन शेजारी शेजारी नगा घालू.

दत्तोपंत: मग मध्ये तिचं घालतो. ऐका. 'बनुबाई, सुनीती आणि छबूबाई या तिघींनी...'

बनुबाई: नाव घेतलंत तुमी त्यांचं. एवढ्या वर्सांत पयल्यांदा ऐकलं तुमच्या तोंडनं.

दत्तोपंत: घरात कधी घ्यायचा प्रसंग आला नाही. 'अगं' म्हटलं की यायची.

कारभारी: आन म्हातारीच्या कानावर गेलं म्हंजी?

दत्तोपंत: दुसऱ्या कुणी वाचून दाखवण्याआधी मीच सांगेन. काय बोलायचं ते मला बोलेल. बोलणी खायला आता सून नाही.

बनुबाई: सोमवारच्या आधी सांगा. न्हाईतर कारडासारखं व्हायचं, आर्धंच.

दत्तोपंत: सांगेन. मग तिच्या राहिलेल्या जेवणाचं ठरवू. आईला मी यात्रेला पाठवणार नाही. ती घरात असतानाच ते व्हायला हवं. तीन पाट आहेत घरी. मध्ये मी बसेन.

कारभारी: बायांच्या पंगतीत?

दत्तोपंत: हो.

बनुबाई: आन रांधनार कोन? पुरनाची पोळी येती का तुमाला?

दत्तोपंत: नाही. लसूण सोलता येतो. तोही आजपासून. आईशी बोलायचं राहिलंय, छबूबाईंना जाऊन विचारायचं राहिलंय.

बनुबाई: आन मी आजून येते म्हनलं न्हाई.

दत्तोपंत: नाही. तेही राहिलंय.